पंचाहत्तर वर्षांची सही

शनिवारी शिकागोतल्या डेव्हनला, म्हणजे आपल्या देशी दुकानांच्या रस्त्यावर, भाजी आणायला गेलं की पहिलं काम म्हणजे गाडी लावून फोनवर मीटरचे पैसे भरणं. परवाही भरले. मग मेथीच्या दोन जुड्या, कैऱ्या, तांदूळ, आणि चाटच्या दुकानात भेटलेले नेपरविलचे एक काका. काका तीस वर्षं ‘शिकागोत’ राहतात, म्हणजे शहराच्या हद्दीबाहेर, गाडीने तासभर पश्चिमेला.

“काय गं, फेब्रुवारीत मत कोणाला? शहराची पार वाट लागलीय बघ.”

काकांना इथे मत नाही. आपल्या मंडळींपैकी बहुतेकांना नाही. शॉमबर्ग, ऑरोरा, नेपरविल, सगळे स्वतःला शिकागोकर म्हणवतात, पण २३ फेब्रुवारी २०२७ ला महापौर निवडायचा तर शहराच्या ५० वॉर्डांपैकी एकात पत्ता लागतो. राग नाही हो माझा. चांगल्या शाळांच्या नावाखाली मीही तिकडे जायचे बेत दोनदा आखले आणि दोनदा मोडले. फक्त ‘वाट लागली’ म्हणताना एवढं लक्षात असू द्या की २०२१ साली इथे खून आठशेच्या आसपास झाले होते आणि २०२५ साली त्याच्या जवळजवळ निम्मे. याचं सगळं श्रेय आताच्या महापौरांना द्यावं असं मला वाटत नाही. ब्रँडन जॉन्सन यांच्यावर नाराज व्हायला माझ्याकडे वेगळी कारणं आहेत.

कोण उभं, कोण नाही, कोणाच्या मागे शिक्षकांची युनियन आणि कोणाच्या मागे बिल्डर, यावर इथे रोज कोणी ना कोणी लिहितंच आहे. मला बोलायचंय ते त्या मीटरबद्दल.

डिसेंबर २००८. रिचर्ड एम. डेली महापौर. मंदी आलेली, तिजोरीत खड्डा. २ तारखेला त्यांनी जाहीर केलं की शहराचे ३६ हजार पार्किंग मीटर एका खाजगी कंपनीला ७५ वर्षांच्या कराराने देतोय, बदल्यात १.१५ अब्ज डॉलर रोख. ४ तारखेला सिटी कौन्सिलमध्ये, म्हणजे नगरसेवकांच्या सभेत, मतदान. मध्ये एक दिवस! ४० विरुद्ध ५ मतांनी मंजूर. आपण घर भाड्याने देतानासुद्धा भाडेकरूची याहून जास्त चौकशी करतो. सहा महिन्यांनी शहराच्याच महानिरीक्षकांनी, म्हणजे कारभार तपासणाऱ्या अधिकाऱ्यांनी, हिशेब मांडला, तेव्हा कळलं की शहराने जवळजवळ एक अब्ज डॉलर कमी घेतले. जे आले त्यातले बहुतेक डेलींनी दोन-तीन अंदाजपत्रकांची भोकं बुजवण्यात संपवले. गल्लीबोळातल्या मीटरला तेव्हा तासाला २५ सेंट पडायचे, २०१३ पर्यंत दोन डॉलर झाले. कंपनीने घातलेले पैसे केव्हाच वसूल केले, आणि करार आहे २०८३ पर्यंत.

खरी मेख पुढे आहे. जत्रेसाठी, मिरवणुकीसाठी, दुरुस्तीसाठी रस्ता बंद केला, सायकलची मार्गिका काढली, बससाठी जागा घेतली, की बुडलेल्या मीटरची भरपाई शहराने कंपनीला द्यायची. म्हणजे रस्ता आपला आणि तो वापरायचं भाडंही आपणच भरायचं. नवा महापौर कितीही शहाणा निघाला तरी रस्त्याच्या कडेच्या त्या दोन-अडीच मीटर रुंदीच्या पट्टीवर त्याचा हात बांधलेलाच.

माझी लेक त्याच डिसेंबरात जन्मली. करार संपेल तेव्हा ती ७५ वर्षांची असेल. येत्या डिसेंबरात ती अठराची होतेय, म्हणजे फेब्रुवारीत तिचं पहिलं मत.

शिकागोचे मतदार महापौराला सोडत नाहीत अशी ख्याती आहे, आणि ती खरीच आहे. जानेवारी १९७९ मध्ये बर्फ पडला, रस्ते साफ झाले नाहीत, लोकलगाड्या कृष्णवर्णीयांच्या वस्त्यांमधली स्टेशनं गाळून पुढे जाऊ लागल्या, आणि पुढच्याच महिन्यात मायकल बिलँडिक पक्षाच्या प्राथमिक निवडणुकीत हरले. जेन बर्न शहराच्या पहिल्या महिला महापौर झाल्या. २०१९ साली लोरी लाइटफूट यांनी पन्नासच्या पन्नास वॉर्ड जिंकले. चार वर्षांनी त्या तिसऱ्या क्रमांकावर, दुसऱ्या फेरीतही नाहीत. बर्फ, कचरा, खड्डे, गुन्हे, जे खिडकीतून दिसतं त्याची शिक्षा इथे लगेच होते.

डेलींचं काय झालं? काही नाही. बावीस वर्षं राज्य करून २०११ साली स्वतःहून निवृत्त झाले. स्कायवे हा टोलरस्ता ९९ वर्षांसाठी त्यांनीच दिला, डाउनटाउनमधली जमिनीखालची गॅरेजंही ९९ वर्षांसाठी. मिडवे विमानतळसुद्धा द्यायला निघाले होते. २००९ मध्ये घेणाऱ्यांना पैसे उभे करता आले नाहीत म्हणून वाचला.

हे सगळं आज उकरून काढायचं कारण म्हणजे मोह परत आलाय. शहराच्या चार पेन्शन फंडांत मिळून ३५ अब्ज डॉलरच्या आसपास तूट आहे. नोव्हेंबर २०२४ मध्ये जॉन्सन यांनी घरपट्टीत ३० कोटी डॉलरची वाढ मागितली, तर कौन्सिलने ५० विरुद्ध ० मतांनी फेटाळली. ज्या कौन्सिलने डेलींसमोर माना डोलावल्या ती आता बोलायला लागली, याचा मला आनंदच आहे. (मुंबईतल्या भावाला हे सांगितलं की तो हसतो. त्यांच्याकडे मार्च २०२२ पासून जानेवारी २०२६ च्या निवडणुकीपर्यंत बोलायला नगरसेवकच नव्हते, आणि महापौर असला तरी किल्ल्या आयुक्तांकडे.) पण कर कोणालाच वाढवायचा नाही, पेन्शन द्यायचीच आहे, खर्च कापला की युनियन रस्त्यावर. मग कधीतरी एखादा हुशार सल्लागार महापौरांच्या टेबलावर एक फाइल ठेवणार. एकरकमी पैसे, आत्ता, निवडणुकीआधी.

म्हणून माझं मत ठरलेलं नसलं तरी प्रश्न ठरलाय. उमेदवार पोलिसांबद्दल बोलेल, घरांबद्दल बोलेल, शाळांबद्दलही बोलेल, आणि जानेवारी २०२७ पासून शाळा मंडळाचे सगळे २१ सदस्य लोकांनी निवडलेले असणार, तेव्हा त्यातलं त्याच्या हातात किती उरलंय तेही विचारा. पण आधी हे विचारा: स्वतःच्या मुदतीपलीकडे जाणाऱ्या कोणत्या कागदावर सही करणार? केलीत तर कौन्सिलला वाचायला किती दिवस देणार? मी किमान तीन महिने आणि खुली सुनावणी मागणार आहे. जो ‘हो’ म्हणताना चाचरेल त्याला माझं मत नाही, मग तो डावा असो की उजवा.

२०२३ च्या फेब्रुवारीत नोंदणीकृत मतदारांपैकी तिघांतले जवळजवळ दोघं घरीच बसले होते. थंडी असते, मान्य. टोपी घाला.

काकांना यातलं निम्मंही सांगून झालं नव्हतं, त्यांचा मसाला डोसा आला. लेक मात्र ऐकत होती. गाडीकडे जाताना म्हणाली, “आई, आपल्या लायब्ररीत उमेदवार आले तर विचारू का, की विकायचं आता काय काय उरलंय?”

“विचार की. विमानतळ आहे, पाणी आहे.”

मीटरवर अजून अकरा मिनिटं शिल्लक होती.