पहिल्या रिळात मरणारी बाई

भुताच्या सिनेमात पाट्या पडायच्या आधी एक बाई मरते. पाऊस, बंद पडलेली गाडी, जुना वाडा, आपोआप उघडणारं दार, किंचाळी, आणि मग सिनेमाचं नाव. ती पुढं पुन्हा दिसत नाही. हिरोईन सगळ्यांना ठाऊक असते, भूत झालेल्या नटाचंही आता कौतुक होतं. या बाईचं नाव विचारलं की सगळे गप्प. माझं म्हणणं एवढंच आहे: छोटं काम करण्यात काडीचाही कमीपणा नाही, पण बिननावाचं काम करू नये. यात मानापानापेक्षा कायद्याचा आणि पैशाचा भाग जास्त आहे, म्हणून एवढं लांबलचक लिहितोय.

सोलापुरात हा विषय निघाला की कुणीतरी जुन्या हिंदी सिनेमातल्या शशिकलाबाईंचं उदाहरण देतंच. बरोबरच आहे. जवळकरांच्या घरातली, इथंच जन्मलेली मुलगी. १९४५ च्या ‘झीनत’मध्ये कव्वालीला बसलेल्या बायकांत एक, आणि त्याचे २५ रुपये मिळाले. पुढं ‘आरती’ आणि ‘गुमराह’साठी सहायक अभिनेत्रीची फिल्मफेअर पारितोषिकं, २००७ साली पद्मश्री. पण हे उदाहरण ‘चिकाटी धरा, होतं सगळं’ असं सांगायला वापरतात, ते मला पटत नाही. त्याच कव्वालीत श्यामाही होत्या, त्यांचंही नाव झालं. ओळीनं बसलेल्या बाकीच्या जणींचं काय? टाळ्या त्यांनीही तेवढ्याच वाजवल्या होत्या. उदाहरण घ्यायचंच तर त्यांचं घ्यावं, कारण मुंबईची गाडी पकडणाऱ्या बहुतेक पोरी त्या ओळीतच बसणार आहेत.

स्वस्तातल्या भीतिपटांचा हिशेब समजला की या कामांचा हिशेब समजतो. रामसे बंधूंनी १९७२ साली ‘दो गज जमीन के नीचे’ काढला तो महाबळेश्वरला, मोजकी माणसं नेऊन. दिग्दर्शन, कॅमेरा, आवाज, लेखन, सगळं भावाभावांत वाटून घेतलेलं. स्टुडिओचं भाडं नाही, सेट नाही. ‘पुराना मंदिर’ (१९८४) चालला आणि त्याच वाटेनं पुढची काही वर्षं कितीतरी निर्माते गेले. सिनेमा स्वस्त करायचा तर तारखा कमी करायच्या, आणि तारखा कमी करायच्या तर छोट्या नटीचं सगळं काम एका जागी, सलग दोन-तीन रात्रींत उरकायचं. कपडे बहुतेक वेळा तिचेच.

तेव्हा फिल्म वापरायचे. ३५ मिमीची फिल्म मिनिटाला ९० फूट जाते, म्हणजे हजार फुटांचं रीळ अकरा मिनिटांत संपतं. कच्ची फिल्म हा मोठा खर्च, त्यामुळं छोट्या कामाला एक टेक, फार तर दोन. जी पोरगी जमिनीवर खूण केलेल्या मार्कावर बरोबर थांबते, लाइट अंगावर घेते आणि सजेशनच्या शॉटमध्ये (म्हणजे आपल्या खांद्यावरून समोरच्याला दाखवतात त्या शॉटमध्ये) डोकं हलवून समोरच्याचा चेहरा झाकत नाही, तिला पुढच्या सिनेमाला बोलावणं येतं. अभिनय त्यानंतर. आज डिजिटलमध्ये टेकला पैसे लागत नाहीत, पण रात्र तेवढीच असते. पाच वाजता उजाडायला लागलं की रात्रीचा सीन संपला, म्हणून हा नियम अजून तसाच आहे.

प्रेताचं काम सोपं वाटतं, नाही का? करून बघा. उताणं पडलं की पोट हलतं आणि कॅमेऱ्याला पहिल्यांदा तेच दिसतं. कुशीवर पडायचं, एक हात पोटावरून टाकायचा, पदर सैल ठेवायचा. ‘ॲक्शन’च्या आधी दोन-तीन खोल श्वास घेऊन अर्धा सोडायचा आणि तिथंच धरायचा. छाती पूर्ण भरून धरली की दहा सेकंदांत मान थरथरते. डोळे उघडे ठेवायचे असतील तर नजर लेन्सच्या पलीकडं कुठंतरी सैल सोडायची. एका बिंदूवर रोखली की पापणी मिटलीच म्हणून समजा.

किंचाळीचंही तसंच. तालमीत पूर्ण ताकदीनं ओरडायचं नाही, नुसतं तोंड उघडून वेळ मोजायची. डबिंगला आधी संवाद आणि किंचाळ्या सगळ्या शेवटी, कारण दोन-तीन किंचाळ्यांनंतर आवाज बसतो आणि पुढची वाक्यं वाया जातात. जोर पोटातून लावायचा, घसा आवळायचा नाही.

आता रक्त. साखरेचा दाट पाक किंवा लिक्विड ग्लुकोज अर्धा लिटर, त्यात खाण्याचा लाल रंग, आणि गुलाबी झाक घालवायला निळ्या खाद्यरंगाचे दोन-तीन थेंब किंवा पाव चमचा कोको. यातलं एक टाकल्याशिवाय पिवळ्या लाइटखाली ते रक्त सरबतासारखं दिसतं. घट्ट हवं असेल तर कॉर्नफ्लोअर शिजवून घालायचं. आपल्याकडं मे महिन्यात दिवसा बेचाळीस-त्रेचाळीस अंश असतात, त्यात हा पाक पातळ होऊन मानेवरून ब्लाऊजमध्ये उतरतो. रात्री गार झाला की केस चिकटतात आणि मुंग्या येतात. म्हणून त्याच कपड्यांचे दोन जोड तरी लागतात, एक कोरा आणि एक रक्ताचा. पहिल्या दिवशी डाग कुठं होते त्याचा फोटो स्वतःच्या मोबाइलमध्ये ठेवायचा. कंटिन्युटी, म्हणजे एका शॉटचं दुसऱ्याशी जुळणं, सांभाळायला वेगळा माणूस असतोच असं नाही. पैसे वाचवायला काही युनिट कुंकू नाहीतर होळीचा रंग कालवतात. तो तोंडात आणि डोळ्याजवळ अजिबात घ्यायचा नाही. सरळ विचारायचं, ‘दादा, यात काय घातलंय?’ ज्याला सांगता येत नाही त्याचं रक्त ओठाला लावून घ्यायचं नाही.

जखमा कापूस आणि लॅटेक्सच्या, म्हणजे पातळ रबराच्या. एकावर एक तीन-चार थर, प्रत्येक थर ड्रायरनं वाळवून. लॅटेक्स सगळ्यांना सोसत नाही, म्हणून आदल्या दिवशी कोपराच्या आतल्या बाजूला ठिपका लावून चोवीस तास बघायचं. भुवईवर आधी व्हॅसलीन, नाहीतर पॅकअपनंतर भुवई लॅटेक्सबरोबर हातात येते. काढताना ओढायचं नाही. कोमट पाणी आणि खोबरेल तेल लावून कडेकडेनं सोडवायचं. भुतासाठी डोळ्यात घालतात त्या पांढऱ्या लेन्सचा तर नियमच करावा: दुसरीनं घातलेली घालायची नाही. धुरात लेन्स घातली की डोळे पेटतात, म्हणून क्लोजअप लेन्ससह आधी आणि धुराचे लाँग शॉट लेन्सशिवाय नंतर, अशी मागणी करायची. लांबून लेन्स दिसतच नाही. दिग्दर्शकाला हे कळत नाही असं नाही, त्याला त्या घाईत आठवत नाही.

जिन्यावरून पडणं, विहिरीत पडणं ही फायटरची, म्हणजे स्टंट करणाऱ्यांची कामं. ‘तूच कर ना, छान दिसेल’ याला उत्तर एकच: नाही.

या धंद्यातली सगळ्यात वाईट गोष्ट थेटरात घडायची. सेन्सॉरला एक प्रत दाखवायची आणि मग गावोगावच्या थेटरात मधेच सेन्सॉर न झालेला तुकडा जोडायचा. दोन मिनिटांचा ‘बिट’ म्हणजे जेमतेम १८० फूट फिल्म, ऑपरेटरला कापून चिकटवायला कितीसा वेळ लागणार? तुकड्यात अंग दुसऱ्याच कुणाचं असायचं, पण आधीच्या आणि नंतरच्या शॉटमध्ये चेहरा या छोट्या नटीचा. पाहणाऱ्याच्या डोक्यात दोन्ही एकच. हिनं ते केलेलं नाही, हे ती कुणाकुणाला सांगत बसणार? १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याखाली मंजूर प्रतीत अशी भर घालून दाखवणं गुन्हाच होता, पण नाव कायम नटीचंच खराब झालं. डिजिटल प्रोजेक्शन आलं तसा जोडाजोडीचा हा प्रकार संपला. त्याची जागा आता यूट्यूबवरच्या थंबनेलनं आणि एआयनं घेतली आहे. म्हणून आजच्या करारात दोन ओळी हव्यातच: माझ्या लेखी संमतीशिवाय माझ्या भूमिकेसाठी बॉडी डबल वापरायचा नाही, आणि माझा चेहरा किंवा आवाज एआयनं बदलून किंवा नव्यानं तयार करून वापरायचा नाही.

आता मूळ मुद्दा. २०१२ साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली आणि ‘परफॉर्मर’च्या व्याख्येला एक शेपूट जोडलं गेलं. सिनेमात ज्याचं काम प्रासंगिक किंवा किरकोळ आहे, आणि धंद्याच्या रिवाजाप्रमाणं ज्याचं नाव श्रेयनामावलीत किंवा कुठंच दिलं जात नाही, तो कायद्याच्या लेखी परफॉर्मरच नाही. अपवाद एकच: कामाची मोडतोड करून तिची बदनामी होत असेल तर ती दाद मागू शकते. बाकीचे हक्क, म्हणजे आपल्या कामाशी आपलं नाव जोडलं जावं हा हक्क आणि व्यावसायिक वापरातल्या रॉयल्टीचा हक्क, परफॉर्मरचे. पाटीवर नाव नसेल तर त्या दारात उभं राहणंच अवघड होतं. नाव आलं म्हणून उद्यापासून रॉयल्टीचे चेक सुरू होतील, असं कुणी समजू नये. पण तोच सिनेमा नाव बदलून, डब करून पाच चॅनेलना विकला जातो, तेव्हा भांडायला पाय ठेवायची जागा तरी असते. ‘अगं तीन मिनिटांचं काम, नाव कशाला?’ असं म्हणणाऱ्याला हे शेपूट माहीत असतं किंवा नसतं. दोन्हीत नुकसान तिचंच.

पैशाचं बोलू. शेवटच्या दिवसाचं शूटिंग झालं की छोट्या नटीच्या हातात काहीच उरत नाही. म्हणून निम्मे पैसे पहिल्या दिवशी आणि उरलेले शेवटच्या शॉटच्या आधी. पूर्वी डबिंग हा दुसरा आधार होता. कॅमेरे आवाज करायचे, सगळं नंतर डब व्हायचं आणि ‘पैसे द्या, मग डबिंगला येते’ म्हणता यायचं. अर्थात निर्माता दुसरीचा आवाजही लावायचा, आणि कितीतरी जणींचा स्वतःचा आवाज एकाही सिनेमात नाही तो त्यामुळंच. आता सिंक साउंडमुळं, म्हणजे आवाज सेटवरच घेतात त्यामुळं, तो आधार गेला. करारात शिफ्ट किती तासांची, किती शिफ्ट, जादा तासांचा दर, डबिंग आणि पॅचवर्कचे (राहिलेले शॉट नंतर घेण्याचे) दिवस धरलेत की वेगळे, जाण्यायेण्याचा आणि राहण्याचा खर्च कुणाचा, हे सगळं लिहून घ्यायचं. ‘एक दिवसाचं पॅचवर्क’ फुकटात मागण्याची पद्धत जुनी आहे. मालिकांत पैसे नव्वद दिवसांनी येतात हे धरून चालावं, म्हणजे तीन महिने मुंबईत राहण्याची सोय आधी बघूनच निघावं. टीडीएस कापला तर तो आपल्या पॅनवर दिसतोय का तेही बघायचं. पैसे तर परत मागता येतातच, शिवाय अमुक निर्मात्याकडं काम केल्याचा तो सरकारी पुरावा असतो. काम मिळवून देणाऱ्या कोऑर्डिनेटरचं कमिशन मिळालेल्या पैशातून जातं. काम मिळण्याआधी जो रजिस्ट्रेशन, पोर्टफोलिओ, ‘वर्कशॉप करा, रोल पक्का’ म्हणून पैसे मागतो, त्याचा धंदा सिनेमाचा नसून तुमच्या पैशाचा आहे.

सेटवर कुणी त्रास दिला तर कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३ चा कायदा युनिटलाही लागू आहे. दहा किंवा जास्त माणसं असतील तर निर्मात्यानं अंतर्गत समिती नेमायलाच हवी. माणसं कमी असतील किंवा तक्रार निर्मात्याविरुद्धच असेल तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडं जाता येतं. मुदत तीन महिन्यांची, म्हणून ‘सिनेमा लागू दे, मग बघू’ असं करायचं नाही.

भाषेबद्दल थोडं. २०१६ च्या ‘सैराट’नंतर आपल्या जिल्ह्याची बोली ऑडिशनमध्ये दोष राहिली नाही. पण झालं असं की सोलापूरची पोरगी म्हटलं की धुणं धुणारी, भांडणारी, नाहीतर पाटलाच्या वाड्यावरची. डॉक्टर, वकील, पोलीस अधिकारी या भूमिकांना बोलावतच नाहीत. म्हणून शोरीलमध्ये, म्हणजे आपल्या कामाच्या नमुन्याच्या व्हिडिओत, घरची बोली आणि प्रमाण मराठी दोन्ही ठेवाव्यात. रील साठ ते नव्वद सेकंदांचं, पहिल्या पाच सेकंदांत आपला चेहरा, संगीत लावलेली जुळवाजुळव नको. निर्माते क्लिप देत नाहीत. सिनेमा बाहेर आला की आपला सीन आणि शेवटच्या पाटीचा फोटो स्वतःच जपून ठेवायचा. पस्तिशीनंतर प्रेतं बंद होऊन नर्स, शेजारीण, हवालदारीण सुरू होतात. काम टिकवणाऱ्या बायका इथंच टिकतात, आणि हीच कामं आई-सासूपर्यंत नेतात. तेव्हा जुन्या कामांची यादी लागते. तारीख, जागा, सीन नंबर, शिफ्टची वेळ, निर्मिती संस्थेचं नाव एका वहीत, आणि कॉलशीटचा, म्हणजे त्या दिवशीच्या कामाच्या कागदाचा फोटो. आणि हो, सिद्धेश्वर एक्सप्रेसनं रात्री निघून सकाळी थेट ऑडिशनला जायचं तर कडक भाकरी आणि शेंगा चटणी बरोबर असू द्या. युनिटचं जेवण छोट्या नटीपर्यंत कधी पोचेल याचा भरवसा नाही.

नावाची पाटी निर्माता एडिटिंगच्या शेवटी बनवतो, आणि सेन्सॉरला प्रत गेली की बदलायला नाखूश असतो. त्यामुळं सांगायचं ते काम ठरतानाच, लेखी. व्हॉट्सॲपवर एवढं पुरतं:

‘नमस्कार सर. आपण ठरवल्याप्रमाणे अमुक सिनेमात अमुक भूमिकेसाठी अमुक तारखांना मी काम करत आहे. श्रेयनामावलीत माझं नाव मराठीत असं आणि इंग्रजीत अशा स्पेलिंगनं यावं. पाटी तयार झाल्यावर एकदा पाठवावी. कृपया ओके कळवा.’

ओके आला की स्क्रीनशॉट काढून तो घरच्या कुणालातरी पाठवून ठेवायचा. फोन हरवतात, नंबर बदलतात. आला नाही तर पहिल्या शिफ्टच्या आधी पुन्हा विचारायचं.