हिसाइशींना घिब्लीपुरतं ठेवू नका

"जो हिसाइशी म्हणजे घिब्ली स्टुडिओचे घरचे संगीतकार. तिथल्या सगळ्या चित्रपटांना संगीत त्यांचंच. मियाझाकी भेटले नसते तर हे नाव कुणी ऐकलंही नसतं. आणि काम काय, तर तयार चित्रांखाली गोड चाल घालायची." हा मजकूर सध्या सगळीकडे फिरतोय. (घिब्ली म्हणजे जपानचा अ‍ॅनिमेशन स्टुडिओ, आणि हायाओ मियाझाकी तिथले दिग्दर्शक.) हिसाइशींचं संगीत मी वर्षानुवर्षं ऐकतोय, त्यामुळे हे वाचून गप्प बसवत नाही.

'सगळ्या चित्रपटांचं' आधी उरकतो. 'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज'चं संगीत मिचिओ मामियांचं, 'व्हिस्पर ऑफ द हार्ट'चं युजी नोमींचं, 'अ‍ॅरिएटी'चं तर सेसिल कोर्बेल या फ्रेंच गायिकेचं.

आता मियाझाकींच्या आधीचं. 1950 साली नागानो प्रांतात जन्मलेल्या या माणसाचं खरं नाव मामोरू फुजिसावा. अमेरिकन संगीतकार क्विन्सी जोन्सवरच्या प्रेमापोटी त्यांनी 'हिसाइशी जो' हे नाव घेतलं; 'हिसाइशी'ची चित्राक्षरं 'कुइशी', म्हणजे 'क्विन्सी'च्या जवळ जाणारी, अशीही वाचता येतात. 1974 मध्येच ते टीव्हीवरच्या अ‍ॅनिमेशन मालिकेला संगीत देत होते. ओढा मिनिमलिझमकडे होता, म्हणजे स्वरांचा छोटासा तुकडा पुन्हा पुन्हा वाजवायचा आणि हळूच, कळेल न कळेल असा बदलत न्यायचा. 1981 चा त्यांचा 'म्क्वाजू' हा अल्बम याच घडणीचा. म्क्वाजू म्हणजे स्वाहिलीत चिंच!

'तयार चित्रांखाली चाल' हे मात्र मला सगळ्यात जास्त खटकलं, कारण घडलं ते अगदी उलट. मियाझाकींच्या 'नाउसिका' चित्रपटासाठी 1983 मध्ये त्यांना बोलावलं ते 'इमेज अल्बम'साठी. चित्रपट पूर्ण व्हायच्या आत, मियाझाकींची मंगा (जपानी चित्रकथा) आणि त्यांच्याशी झालेलं बोलणं एवढ्याच भांडवलावर, त्या जगाचा नाद आधी शोधायचा. चित्रपटाला दुसरा कुणी नावाजलेला संगीतकार घ्यावा असा विचार होता. पण तो अल्बम ऐकल्यावर निर्माते इसाओ ताकाहातांनी हिसाइशींचाच आग्रह धरला. पुढे बरीच वर्षं मियाझाकी-हिसाइशी जोडीची हीच रीत राहिली.

आणि मियाझाकी नसते तर? जपानी दिग्दर्शक ताकेशी कितानोंचे सात चित्रपट बघा, 1991 ते 2002 मधले. पहिल्या 'अ सीन अ‍ॅट द सी'मध्ये नायक आणि त्याची मैत्रीण दोघंही मूकबधिर आहेत. तिथे दोघांमधलं बोलणं संगीतच पुढे नेतं, आणि तेही जपून, मोजक्या स्वरांत. 1997 च्या 'हाना-बी'ला व्हेनिस चित्रपट महोत्सवात सुवर्णसिंह हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. कितानोंपलीकडे, ऑस्कर मिळवणाऱ्या 'डिपार्चर्स'चा नायक नोकरी गेलेला चेलोवादक. तिथे हिसाइशींनी सगळा भार चेलोवरच टाकला. एनएचके या जपानी वाहिनीचा मानवी शरीरावरचा माहितीपट, 'साका नो उए नो कुमो' ही ऐतिहासिक मालिका, ही टीव्हीची कामं वेगळीच.

एकच तुकडा ऐकायचा असेल तर कितानोंच्या 'किकुजिरो'मधला 'समर' ऐका. आधी व्हायोलिनच्या तारा नुसत्या बोटांनी छेडलेल्या, मग पियानो अलगद आत येतो, आणि सुट्टीत आईला शोधायला निघालेलं ते पोर डोळ्यांपुढे चालायला लागतं.