बोर्ड नाही गेला भाऊ, विंडोज जुनं आहे

खरिपात पीक विम्याचे फॉर्म सुरू झाले की यवतमाळ-वाशीमकडच्या सेवा केंद्रवाल्यांच्या व्हॉट्सॲपवर हा मेसेज फिरू लागतो: ‘असेंबल पीसीवर विंडोज ७ टाकल्यावर माउस-कीबोर्ड बंद पडले तर मदरबोर्ड गेला समजा. मोठा एसएमपीएस (पीसीला वीज पुरवणारा डबा) लावा, ड्रायव्हर पॅक मारा, नाहीतर बोर्ड बदला.’

बोर्ड गेला? आधी पीसी चालू करताना डिलीट दाबून बायोसमध्ये, म्हणजे विंडोजच्या आधी चालणाऱ्या बोर्डाच्या स्वतःच्या प्रोग्राममध्ये जा. तिथं कीबोर्ड चालतो ना? मग बोर्ड काऊन गेला? बायोसकडे यूएसबीची स्वतःची सोय असते. विंडोज सुरू झालं की कारभार विंडोजच्या ड्रायव्हरकडे जातो, अन् घोळ तिथंच आहे. इंटेलने २०१५ साली १०० मालिकेच्या चिपसेटमधून यूएसबी २.० सांभाळणारा जुना ईएचसीआय कंट्रोलर काढला आणि सगळे पोर्ट यूएसबी ३ च्या नव्या एक्सएचसीआय कंट्रोलरवर नेले. विंडोज ७ आलं २००९ मध्ये. त्यात एक्सएचसीआयचा ड्रायव्हरच नाही, तो विंडोज ८ पासून मिळतो. म्हणून त्याच मालिकेच्या सेकंडहँड एच११० बोर्डावर मागचे-पुढचे, काळे-निळे सगळे पोर्ट मुके. त्यात सेटअप ‘सीडी-डीव्हीडीचा ड्रायव्हर सापडत नाही’ असं सांगून माणसाला भलतीकडेच धाडतो.

बायोसमध्येही एकही पोर्ट हलत नसेल, आणि आदल्या रात्री वीज कडाडली असेल, तर मात्र बोर्डाची शंका रास्त.

एसएमपीएसचं तर सोडूनच द्या. यूएसबी २.० पोर्टाला ५ व्होल्टवर ५०० मिलिअँपिअर लागतात, म्हणजे अडीच वॅट. त्यासाठी कोणी नागपूरच्या सीताबर्डी बाजाराची चक्कर मारतं का?

ड्रायव्हर पॅक मारा म्हणे! पेनड्राइव्हच दिसत नाही तर मारणार कुठून? मागे जांभळा-हिरवा गोल पीएस/२ पोर्ट असेल तर जुना गोल पिनचा कीबोर्ड लावा आणि एक्सएचसीआयचा ड्रायव्हर डीव्हीडीवरून टाका. नाहीतर दुसऱ्या पीसीवर डिस्म (विंडोजचंच एक टूल) वापरून तो इन्स्टॉलेशनच्या इमेजमध्येच, म्हणजे ज्या फाइलमधून विंडोज टाकता तिच्यातच, आधी घाला. काही बोर्डांच्या बायोसमध्ये विंडोज ७ साठी वेगळा पर्यायही असतो, तो आधी बघा. पण खरं सांगू? विंडोज ७ चे अपडेट जानेवारी २०२० मध्येच थांबले. शेतकऱ्यांचे आधार अन् सातबारे ज्या मशीनवर उघडता, तिथं ते ठेवूच नका. नवं विंडोज नाहीतर लिनक्स टाका. लिनक्सला एक्सएचसीआय २००९ पासून कळतं.

फक्त कॅबिनेटचेच पोर्ट बंद असतील तर प्रकरण वेगळं. झाकण उघडा. यूएसबी ३ ची जाड निळी वायर बोर्डावरच्या १९ पिनांवर बसते. ती तिरकी दाबली की कोपऱ्यातली पिन वाकते. चिमट्याने हळूच सरळ करा, तेही पीसीचा विजेचा प्लग काढून.