तिच्या नावावर काय आहे, ते आधी बघा

साठीतला पैसेवाला आणि त्याच्यासोबत राहणारी पंचविशीतली मुलगी, अशा नात्यांवरचा एक लेख वाचला; हा दोघांच्या मर्जीचा मामला, असं म्हणून तो थांबलाय. मर्जी असेलही. पण आमच्या लातूरकडं पोरीला 'पैशाला भुलली' म्हणून नावं ठेवतात आणि घरी बायको-सुना असलेल्या गुत्तेदाराला कुणी काही विचारत नाही, याची मला चीड येते.

आमच्या गल्लीत एक बाई अशाच एका माणसासोबत बरीच वर्षं राहिली. फ्लॅट त्याचा, लाईटबिल त्याच्या थोरल्या मुलाच्या नावावर, गॅसचं पुस्तकसुद्धा. माणूस गेला आणि आठवड्यातच मुलगा कुलूप घेऊन दारात. शिलाई मशीन तेवढं तिनं भांडून बाहेर काढलं.

पहिली बायको हयात असताना देवळात हार घातले तरी १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यानं ते लग्नच नाही, म्हणजे विधवा म्हणून वारसाहक्क नाही. अशा लग्नाची लेकरं मात्र त्याच कायद्याच्या कलम १६ मुळं औरस, म्हणजे कायदेशीर, धरली जातात. २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं बापाच्या वाट्याच्या वडिलोपार्जित मिळकतीतही त्यांचा हिस्सा मान्य केलाय. हे किती आयांना माहीत आहे?

पोरींनो, दागिने आणि मोबाईल राहू द्या. राहतं घर त्याच्या स्वकष्टाचं असेल तर तो धडधाकट असतानाच नोंदणीकृत बक्षीसपत्र करून घ्या. नुसतं बाँडपेपरवर लिहून दिलं, दोन साक्षीदारांच्या सह्या घेतल्या, तरी त्यानं घर नावावर होत नाही.