पहिला सोमवार, दुपारचे बारा

दर महिन्याच्या पहिल्या सोमवारी, दुपारी बाराच्या ठोक्याला अमेरिकेतल्या वॉशिंग्टन राज्यातल्या आमच्या ऑर्टिंग गावात भोंगा वाजतो. मागच्या खेपेला तो वाजला तेव्हा फोनवर माझा मावसभाऊ होता. इंदूरला रात्रीचे साडेबारा, स्वारी सराफ्यात, हातात भुट्ट्याचा कीस. "हे काय वाजून राहिलं रे?" मी म्हटलं, ज्वालामुखीचा भोंगा, चाचणी आहे. पलीकडे क्षणभर नुसता कढईचा आवाज. मग: "भिया, तू ज्वालामुखीखाली राहतो आणि सराफ्यावर आम्हाला ज्ञान देतो?"

टोला बरोबर बसला. आमच्या घरच्या ग्रुपवर सराफ्यावरून दोन तट आहेत. दिवसा सोन्याची पेढी आणि रात्री तिच्याच पायरीवर चाट, त्यात बोळ अरुंद आणि दुकानागणिक गॅसची टाकी. एक तट म्हणतो, आग लागायच्या आत चौपाटी दुसरीकडे हलवा. दुसरा म्हणतो, सराफा हलवला तर इंदुरात उरलं काय? मी चौपाटी हलवा म्हणणाऱ्यांच्या बाजूने बरंच लिहिलं होतं. स्वतःच्या अंगणातला डोंगर न बघता.

डोंगर म्हणजे माउंट रेनियर, 4392 मीटर. कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबियापासून उत्तर कॅलिफोर्नियापर्यंत कॅस्केड पर्वतरांग पसरली आहे. पॅसिफिक महासागराच्या तळाचा भूपट्ट (प्लेट) खंडाखाली सरकतो आणि तिथून वितळलेला खडक वर येतो. याच रांगेतला लासेन ज्वालामुखी 1914 ते 1917 धुमसत होता. सेंट हेलेन्स 18 मे 1980 रोजी सकाळी 8 वाजून 32 मिनिटांनी फुटला. अख्खी उत्तर बाजू कोसळली, 57 माणसं गेली.

रेनियरची भीती मात्र लाव्हाची नाही. त्याच्या अंगावर प्रचंड हिमनद्या आहेत आणि पश्चिमेचा खडक आतल्या गरम, आम्लयुक्त वाफांनी कुजून चिकणमातीसारखा झाला आहे. तो कडा सुटला की बर्फ, पाणी, दगड, झाडं असा ओल्या सिमेंटसारखा लोंढा नदीच्या पात्रातून खाली येतो. त्याला लाहार म्हणतात, आणि त्यासाठी स्फोट व्हायलाच हवा असं नाही. सुमारे 5600 वर्षांपूर्वीचा एक लाहार थेट समुद्राच्या खाडीपर्यंत गेला. सुमारे 500 वर्षांपूर्वीचा दुसरा, त्याच्यावर आमचं गाव बसलंय. घरांचे पाये खणताना खालून जुन्या अरण्यातले बुंधे निघाले, उभेच्या उभे. एक मी पाहिलाय. आमच्या इंदूरच्या घराच्या माजघराएवढा सहज असेल.

तरी गाव कुणी हलवलं नाही. उलट नवी घरं विकली जातात, स्वयंपाकघराच्या खिडकीतून डोंगर दिसतो म्हणून जास्त भावाने. तेव्हा अमेरिकन माणूस शहाणा आणि आपण अडाणी, हे मला कुणी सांगू नये. नदी ओलांडून उंचावर जायला मुलांसाठी पायी पूल हवा म्हणून इथले पालक वर्षानुवर्षं खेटे घालत होते. नगरपालिकेचा खाक्या कुठेही तोच.

फरक आहे तो एवढाच, की माझ्या नऊ वर्षांच्या मुलीला ठाऊक आहे, भोंगा थांबला नाही तर कुठल्या रस्त्याने, कुणाबरोबर चालत सुटायचं. शाळेने तो रस्ता चालवून घेतलाय. हाताशी तासभरही नसेल. कोलंबियात 1985 साली नेवाडो देल रुइझ हा ज्वालामुखी फुटायच्या आधी धोक्याचा नकाशा तयार होता, वर्तमानपत्रातही आला होता. आर्मेरो गाव रात्री लाहारखाली गाडलं गेलं, मेलेल्यांचा एकूण आकडा 23,000 च्या आसपास. नकाशा कागदावर राहिला, पायांना कुणी सांगितलंच नाही.

आपलंही निराळं काय? माळव्याचा काळा पत्थर हा सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हाच. तो फोडून आपल्या पूर्वजांनी बावड्या, म्हणजे पायऱ्यांच्या विहिरी, खणल्या आणि आपण त्यांच्यावर स्लॅब टाकले. 2023 च्या रामनवमीला इंदूरच्या बेलेश्वर महादेव मंदिरात असाच बावडीवरचा स्लॅब कोसळून 36 जीव गेले. हवनाला बसलेल्यांपैकी किती जणांना खाली बावडी आहे हे माहीत असेल? पुढे वाद रंगला तो मंदिर पाडण्यावरून आणि बावडी बुजवण्यावरून. बाकीच्या झाकलेल्या बावड्यांवर आज कोण बसतंय, हे विचारणारे थोडेच.

म्हणून मी माझी बाजू बदलली, असं भावाला सांगितलं. सराफा राहू दे. टाक्या बोळाबाहेर काढा, गर्दीला मोजमाप ठेवा, आणि वर्षातून दोनदा तरी रात्री अकराला सगळ्यांना खरंच बाहेर पडायला लावा, घड्याळ लावून. "आणि तू," मी विचारलं, "आत्ता भडका उडाला तर कुठून निघशील?"

"राजवाड्याकडून, अजून कुठून!" म्हणाला. मग जरा घुटमळला. "थांब, बघतो."

पाच मिनिटांनी फोटो आला. बोळाच्या तोंडाशी आडव्यातिडव्या लावलेल्या मोटरसायकली, त्यांना टेकून एक हातगाडी, गाडीखाली दोन लाल टाक्या. खाली फक्त एवढंच लिहिलं होतं: "आपलीच मोटरसायकल आहे पहिली."