बाय गम, झाऊंड्स आणि आयला

२०२४ ची दिवाळी. शेजारच्या बाईंना फराळाला बोलावलं होतं. ऐंशी ओलांडलेल्या, जन्म इथलाच, इंग्लंडातल्या यॉर्कशरमधला, रविवारी मेथडिस्ट चॅपलमधली प्रार्थना कधी न चुकवणाऱ्या. माझ्या मुलीच्या हातून चकल्यांची ताटली निसटली आणि तिच्या तोंडून गेलं, "जीझस!" शेजारीणबाईंनी एकदम डोळे मिटले, कुणी चिमटा काढावा तसे. माझी आई तेव्हा इथे आलेली होती. तिच्या कानाला त्यात काहीच खटकलं नाही. ती आपली खाली वाकून चकल्यांचे तुकडे वेचत राहिली. पाचच मिनिटांनी पोरीने एक चकली कडाकड चावली आणि म्हणाली, "आयला, कसली भारी झालीय!" आता डोळे वटारायची पाळी आईची होती. आणि शेजारीणबाई मात्र हसून मला विचारत होत्या, हा किती गोड शब्द, अर्थ काय याचा?

"तुमच्या 'गॉली'सारखंच काहीतरी," मी म्हणाले आणि चहा ठेवायला पळाले.

त्याच महिन्याच्या शेवटी दादाने गावाकडची बातमी पाठवली. नेवासा तालुक्यातल्या सौंदाळा गावाच्या ग्रामसभेने ठराव केला होता: आई-बहिणीवरून शिवी देणाऱ्याला पाचशे रुपये दंड. आमचं माहेरचं गाव त्याच तालुक्यातलं. खाली दादाने लिहिलं होतं, "आपल्या गावात असा ठराव झाला तर आबांची पेन्शन आठ तारखेलाच संपेल." आबा मोटार चालू करताना, मोटार बंद करताना आणि मोटार बंद पडल्यावर, तिन्ही वेळा एकच शब्द वापरतात.

बातमीवर तिकडे चर्चा झाली ती आपल्या सवयीप्रमाणे दोन टोकांची. एकीकडे कौतुक, की बायकांच्या अब्रूचा विचार एका खेड्याने केला, शहरांनी शिकावं. दुसरीकडे टिंगल, की रस्ता, पाणी सोडून ग्रामपंचायत आता लोकांची तोंडं मोजणार का. इथल्या आमच्या मराठी मंडळींच्या ग्रुपवर तिसरंच चाललं होतं. एकाने लिहिलं, "इकडे बघा, कुणाच्या तोंडी कधी शिवी ऐकलीत?" हा गृहस्थ शनिवारी रात्री अकरा वाजता स्टेशनबाहेर टॅक्सीसाठी कधी उभा राहिलेला नसावा.

मी औषधांच्या दुकानात काम करते. काउंटरवर येणारी म्हातारी माणसं खरंच शिव्या देत नाहीत. गुडघा दुखला की "बाय गम". गोळ्यांची नवी किंमत ऐकली की "फ्लिपिन एक". आधी मला वाटायचं, हे नुसते सुस्कारे आहेत, आपल्या "अगं बाई"सारखे. मग एकदा कुतूहलाने शब्दकोशात शिरले आणि बाहेरच येईना. 'गम' म्हणजे गॉड. 'एक' म्हणजे हेक, आणि हेक म्हणजे हेल, नरक. 'गॉश' आणि 'गॉली' दोन्ही गॉडच. 'क्राइकी' म्हणजे क्राइस्ट. 'ब्लायमी' हे 'देव मला आंधळा करो' या अख्ख्या वाक्याचं गाठोडं. 'ड्रॅट' म्हणजे 'देव तुला कुजवो', आणि हा शब्द आमच्या शेजारीणबाई विणकामाचा टाका सुटला की दहादा म्हणतात. जुन्या नाटकांतलं 'झाऊंड्स' म्हणजे देवाच्या जखमा, क्रुसावरच्या. 'स्ब्लड' म्हणजे देवाचं रक्त. ताकाला जाऊन भांडं लपवणं म्हणतो ना आपण, ते या लोकांनी पाचेकशे वर्षं मोठ्या निगुतीने केलेलं आहे. देवाचं नाव तर घ्यायचं, पण मधलं एक अक्षर असं मोडायचं की देवाला ऐकू जाऊ नये.

धाक देवाचा होताच, कारण त्याचं नाव व्यर्थ घेऊ नये ही दहा आज्ञांपैकी एक. पण धाक कायद्याचाही होता. १६०६ मध्ये पार्लमेंटने नाटकवाल्यांसाठी कायदा केला: रंगमंचावर थट्टेवारी किंवा अपवित्रपणे देवाचं, ख्रिस्ताचं नाव उच्चारलं तर दर वेळी दहा पौंड दंड. निम्मे राजाला, निम्मे जो खटला भरेल त्याला. म्हणजे चुगलखोराला थेट पन्नास टक्के. परिणाम काय झाला तो छापील आहे. शेक्सपिअरच्या 'ऑथेल्लो' नाटकाच्या १६२२ च्या प्रतीत खलनायक इयागो पहिल्याच प्रवेशात 'स्ब्लड' आणि 'झाऊंड्स' म्हणतो. पुढच्याच वर्षी निघालेल्या शेक्सपिअरच्या नाटकांच्या मोठ्या संग्रहात ते दोन्ही शब्द गायब. इयागोचा दुष्टपणा मात्र जसाच्या तसा. नवऱ्याच्या मनात बायकोबद्दल संशय पेरणारा माणूस चालतो, त्याने देवाच्या रक्ताची शपथ घेतलेली चालत नाही.

देवाच्या नावाने शपथा-शिव्या देण्याविरुद्धचा १७४५ चा कायदा तर साऱ्या जनतेसाठी होता. त्यात दंडाचे दर माणसाच्या पायरीप्रमाणे लावले होते: मजूर, शिपाई, खलाशी यांना एक शिलिंग, त्यांच्या वर पण 'जंटलमन'च्या खाली असेल त्याला दोन, जंटलमन आणि त्यापुढच्यांना पाच. दुसऱ्यांदा सापडला की दुप्पट, तिसऱ्यांदा तिप्पट. हा कायदा रद्द व्हायला १९६७ उजाडलं. दोनशे बावीस वर्षं! तेवढ्या काळात इंग्रज माणूस शपथा घ्यायचा थांबला का? त्याने फक्त 'गॉश' शिकून घेतलं.

इथे मला सौंदाळ्याची आठवण होते आणि एक गोष्ट खटकते. १७४५ चे ते इंग्रज पक्के वर्गभेदी, पण मजुराचा दंड मजुराच्या खिशाकडे बघून ठरवावा एवढं त्यांना सुचलं होतं. ज्या वर्षी ठराव झाला त्या वर्षी महाराष्ट्रात रोजगार हमीच्या कामावर दिवसाला २९७ रुपये मिळत होते. पाचशे म्हणजे दीड दिवसाहून जास्त खणणं. बागायतदाराला पाचशे म्हणजे काय? त्याला महिन्याचा शिव्यांचा पासच काढून द्यावा.

पण दंडाचा आकडा ही वरवरची गोष्ट झाली. मला ज्यात खरा रस आहे ते वेगळं आहे: दंड कुणाच्या वतीने लावला? लंडनच्या कायद्यात दुखावलेला पक्ष म्हणजे देव. सौंदाळ्याच्या ठरावात दुखावलेला पक्ष म्हणजे आई, बहीण, म्हणजे हाडामांसाची बाई, जी त्या भांडणात नाहीच, घरी भाकरी थापते आहे.

आपल्याकडे देवाच्या वतीने असा दंड कुणी लावला असता तर लोक हसले असते. त्याच नेवाशात ज्यांनी ज्ञानेश्वरी सांगितली त्या माउलींचा हरिपाठ काय म्हणतो? 'हरि मुखे म्हणा हरि मुखे म्हणा, पुण्याची गणना कोण करी.' आणि अजामिळाची गोष्ट तर प्रत्येक कीर्तनात ऐकलेली. जन्मभर पापं केली, मरताना पोराला हाक मारली, पोराचं नाव नारायण, तेवढ्यावर विष्णुदूत न्यायला आले. चुकून घेतलेल्या नावाचीसुद्धा आपल्याकडे पावती फाडली जाते, ती जमेची. ठेच लागली की "अरे देवा", वाईट ऐकलं की "शिव शिव". आपण देवाचं नाव मोडत नाही. आपण झाकतो ते अशुभ. नारळ फोडत नाही, वाढवतो. बांगडी फुटत नाही, वाढते. दुकान बंद करत नाही, वाढवतो. रात्री सापाला साप म्हणायचं नाही, लांबडं म्हणायचं. ज्याची भीती, त्यावर पदर.

मग आईचं काय? आपल्या सगळ्यात मोठ्या शपथेत देव नाही, आई आहे. "आईशप्पथ!" लहानपणी आम्ही म्हणायचो "आईच्यान". ते म्हणजे 'आईची आण', घासून घासून झालेलं, अगदी 'झाऊंड्स' झालं तसंच. इंग्रजीत जी जागा देवाची, ती मराठीत आईची. म्हणून खरं पटवायचं तर तिची शपथ, आणि कुणाला फाडायचं तर तिचीच शिवी. ही सवय जुनी आहे, आणि सरकारी आहे! शिलाहार राजांच्या काळातले गद्धेगाळ पाहिले असतील. दानाचा शिलालेख, वर चंद्र-सूर्य, आणि खाली एक गाढव आणि एक बाई. हे दान जो मोडेल त्याच्या आईची काय गत होवो ते चित्रातच दाखवलेलं. मुंबईत परळला सापडलेला शिलाहार राजा अपरादित्याचा ११८७ चा शिलालेख संस्कृतात आहे, पण शेवटची शापवाणी मराठीत, कारण ती सगळ्यांना समजायला हवी. तिच्यातलं क्रियापद मी इथे लिहिणार नाही. बघा, मीही झाकलंच.

आणि याच झाकण्यात मला इंग्रजी आणि मराठीतला फरक सापडला. इंग्रज शिवी मवाळ करतो तेव्हा नाव बिघडवतो. गॉडचा गम होतो, आणि चार पिढ्यांनी त्या गमात देव उरत नाही. आपण नाव बिघडवत नाही, क्रियापद गाळतो. 'त्याच्या आईला', आणि पुढे काही नाही. त्याचं झालं 'च्यायला', त्याचं 'आयला'. वाक्य अर्धवट, चतुर्थी लटकलेली. कृत्य पुसलं गेलं, पण आई तिथेच उभी. मी शेजारीणबाईंना 'गॉलीसारखंच' म्हणाले ते म्हणून खोटं होतं.

अर्थात माझी आई डोळे वटारते ते व्याकरणामुळे नव्हे. तिच्या मते पोरीच्या जातीने असं बोलू नये. आबांनी बोललेलं चालतं. याला माझ्याकडे एकच उत्तर आहे, बोरीचा बार. सातारा जिल्ह्यात खंडाळा तालुक्यात सुखेड आणि बोरी ही दोन गावं. नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी दोन्हीकडच्या बायका ओढ्याच्या दोन काठांवर जमतात आणि हातवारे करकरून एकमेकींना शिव्या घालतात. वाजतगाजत, बघ्यांची ही गर्दी. तिथे कुणी पावतीपुस्तक घेऊन गेलं तर त्यालाच ओढ्यात ढकलतील.

गंमत अशी, की आपल्याकडे ओरड होते ती बरेचदा निरुपद्रवी शब्दावर. २०१० मध्ये 'शिक्षणाच्या आयचा घो' या चित्रपटाच्या नावावरून केवढा गदारोळ झाला. घो म्हणजे मालवणीत नवरा. आईचा नवरा म्हणजे आपला बाप! पण सूर शिवीचा, म्हणून झोंबलं. इथेही तेच झालेलं आहे. ११ एप्रिल १९१४ ला लंडनमध्ये बर्नार्ड शॉच्या 'पिग्मॅलियन' नाटकात फुलवालीच्या तोंडी 'ब्लडी' हा शब्द आला आणि गहजब उडाला. मग लोक चेष्टेने 'ब्लडी'च्या जागी 'पिग्मॅलियन' म्हणू लागले, म्हणजे नाटकाचं नावच सोवळी शिवी झालं. आज 'ब्लडी'ला कुणी विचारत नाही. प्रसारणावर देखरेख करणाऱ्या ऑफकॉमने २०१६ मध्ये लोकांना विचारून शिव्यांची प्रतवारी केली, तर त्यात 'ब्लडी' सौम्य, 'गॉड' सौम्य, 'जीझस क्राइस्ट'ही सौम्य. आमच्या शेजारीणबाईंना कुणी विचारलेलं दिसत नाही.

तर दादाने विचारलं होतं, तुझं मत काय. मी त्याला लिहिलं, सौंदाळ्याचा राग बरोबर आहे, आणि १७४५ च्या पार्लमेंटपेक्षा शहाणा आहे, कारण देवाला वकील लागत नाही, घरी बसलेल्या बाईला लागतो. गावात फलक लावला ते छान. पोरं तो रोज वाचतील आणि कधीतरी एखादं विचारेल की शिवी देतो बाप, तर त्यात आई कशाला? तो प्रश्न पाचशे रुपयांत मिळत नाही. पण दंड नको. दंडाने लोक नवं काहीतरी शोधतात, एवढंच. मुंबई-पुण्याच्या पोरांनी 'भेंडी' शोधलंच आहे. भाजीच्या नावावर ग्रामसेवक कसली पावती फाडणार? आणि ज्याचं शेजाऱ्याशी बांधावरून भांडण आहे, तो साक्षीदार घेऊन तयारच असेल. इंग्लंडात निम्मा दंड मिळायचा म्हणून चुगल्या व्हायच्या, आपल्याकडे फुकटही होतील.

दादाचं उत्तर आलं: "आबांना वाचून दाखवलं. म्हणाले, आयला, पोरगी शिकली."

शेजारीणबाईंची गोष्ट अर्धीच राहिली. मागच्या मंगळवारी कचऱ्याची गाडी त्यांचा डबा तसाच ठेवून पुढे निघून गेली. मी कामाला निघाले होते. त्या दारात उभ्या, गाऊनवर कोट घातलेला, आणि गाडीकडे बघून खणखणीत म्हणाल्या, "आयला!" मग माझ्याकडे वळून लाजत विचारलं, उच्चार बरोबर आहे ना? चॅपलच्या कॉफीच्या वेळी त्यांनी तो आणखी दोघींना शिकवला आहे म्हणे. देवाचं नाव न घेता राग निघतो, म्हणून त्यांना फार सोयीचा वाटतो.

उच्चार बरोबर आहे, मी म्हणाले.