लॅपटॉप नवा, डाव जुना

नवा लॅपटॉप आला की माणूस आधी वायफायचा पासवर्ड शोधतो, मग बटणावर मराठी अक्षरं कुठे गेली ते शोधतो आणि मग, आजूबाजूला कोणी बघत नाहीये याची खात्री करून, सॉलिटेअर, म्हणजे एकट्याने खेळायचा पत्त्यांचा डाव, शोधतो. पहिल्या दोन गोष्टी सापडतात.

जुन्या विंडोजमध्ये शोधायचा प्रश्नच नव्हता. स्टार्ट, प्रोग्रॅम्स, ॲक्सेसरीज, गेम्स, की हिरव्या पटावर सात ढीग मांडून तयार. सेव्ह केलेली फाइल नेमकी कुठे जाते हे ज्यांना निवृत्तीपर्यंत कळलं नाही, त्यांनाही हा रस्ता तोंडपाठ होता. १९९० साली विंडोज ३.० बरोबर हा खेळ आला. तो लिहिला वेस चेरी या तेव्हा मायक्रोसॉफ्टमध्ये उमेदवारी करणाऱ्या पोराने, आणि पानांची चित्रं काढली सुझन केअर यांनी. पान धरायचं, ओढायचं, दुसऱ्या पानावर सोडायचं. यातून लोकांचा हात माउसवर बसावा असा हेतू होता म्हणतात. हात बसला. नंतर तो तिथून उठवणं साहेबांना जड गेलं.

मग २०१२ साली विंडोज ८ आलं आणि पत्ते गायब झाले. हवे असतील तर स्टोअरमधून उतरवून घ्या, असा कारभार सुरू झाला. विंडोज १० मध्ये ते परत आले, पण लग्न होऊन परदेशी गेलेल्या चुलतभावासारखे: ओळख पटते, पण घरात आल्या आल्या वायफाय मागतात. नाव सॉलिटेअर कलेक्शन. आत पाच खेळ: क्लोंडाइक, स्पायडर, फ्रीसेल, पिरॅमिड आणि ट्रायपीक्स. आपण ज्याला जन्मभर नुसतं सॉलिटेअर म्हणत आलो ते यातलं क्लोंडाइक, हे माहीत नसलं तर माणूस पिरॅमिडमध्ये शिरतो आणि तेराची बेरीज करत बसतो.

क्लोंडाइक उघडलं तरी लगेच डाव पडत नाही. आधी साइन इन करा म्हणून विनंती येते. ती नाकारता येते. पाहुणा म्हणून खेळलं तरी पानं तीच पडतात, फक्त तुमची कामगिरी दुसऱ्या कॉम्प्युटरवर पोचत नाही, आणि ती पोचू नये असंच बहुतेकांना वाटतं. पुढे जाहिराती. त्या नको असतील तर वर्गणी भरा. पत्ते खेळायला वर्गणी हा प्रकार आपल्याला अपरिचित नाही, पण ती गणेशोत्सवात गोळा होते आणि त्यात वडापाव असतो. नेट बंद करूनही डाव खेळता येतो. रोजच्या आव्हानाला मात्र नेट लागतं. खेळून झाल्यावरही खेळ हाका मारत राहतो. त्यावर उपाय म्हणून सेटिंग्ज, सिस्टम, नोटिफिकेशन्स इथे जाऊन यादीतलं त्याचं बटण बंद करावं, नाहीतर मीटिंगमध्ये पडदा भिंतीवर असताना आजचं आव्हान बाकी असल्याचं सगळ्यांना कळतं.

तरीही काहींना जुनाच खेळ हवा असतो. मी या पंथातला. आनंदाची बातमी अशी की विंडोज एक्सपीतला सॉलिटेअर विंडोज १० आणि ११ वर सुरळीत चालतो, कारण तो ३२ बिटांचा आहे. विंडोज ३.१ च्या काळातला मात्र १६ बिटांचा. ६४ बिटांच्या विंडोजवर तो उघडतच नाही, आणि विंडोज ११ फक्त ६४ बिटांतच येतं. त्यामुळे माळ्यावरच्या फ्लॉप्यांवर जीव लावू नये. एक्सपीची सीडी शोधावी.

त्या सीडीवर आय३८६ नावाचा फोल्डर असतो. खेळ तिथेच असतो, पण दाबून भरलेला: फाइलच्या नावातलं शेवटचं अक्षर काढून तिथे अंडरस्कोर घातलेला असतो. नुसतं नाव बदलून चालत नाही, फाइल उलगडावी लागते. त्यासाठी कमांड प्रॉम्प्टमध्ये, म्हणजे हुकूम टाइप करायच्या काळ्या खिडकीत, एक्सपांड (expand) हा शब्द, मग जागा सोडून सीडीवरच्या फाइलचा पूर्ण मार्ग, मग पुन्हा जागा सोडून नव्या फाइलचा मार्ग आणि पूर्ण नाव लिहायचं. हे दोनदा करायचं: एकदा सोल (sol.exe) या फाइलसाठी, एकदा कार्ड्स (cards.dll) या डीएलएलसाठी, म्हणजे खेळाला लागणाऱ्या जोडफाइलसाठी. नव्याण्णव टक्के लोक इथेच अडकतात. खेळाची फाइल साठ केबीच्याही आत आहे, कारण तिच्यात पानंच नाहीत. बावन्नच्या बावन्न पानांची चित्रं कार्ड्स डीएलएलमध्ये आहेत. एकटा खेळ उचलून आणला तर डीएलएल सापडत नाही अशी तक्रार येते, म्हणजे खेळणारे आले आणि कॅट घरी विसरला. दोन्ही फाइली एकाच फोल्डरमध्ये ठेवल्या की काम झालं. इन्स्टॉल वगैरे काही नाही.

नव्या लॅपटॉपला सीडीचा खाचा नसतो, ही बारीकशी अडचण सांगायची राहिली. यूएसबीला जोडायचा बाहेरचा ड्राइव्ह लागतो, किंवा मग ज्याच्या घरी एक्सपीचं जुनं डबडं अजून चालू आहे असा नातेवाईक. त्याच्या विंडोज फोल्डरमधल्या सिस्टम३२ मध्ये या दोन्ही फाइली उलगडलेल्याच मिळतात. पेन ड्राइव्ह न्यावा, चहा घ्यावा, पहिल्यांदा प्रकृतीची चौकशी करावी. भलत्या साइटवरून फाइल उतरवण्यापेक्षा हे स्वस्त पडतं. तिथे पत्त्यांबरोबर ब्राउझरचं मुखपृष्ठ बदलणारे पाहुणेही येतात. आणखी एक गाठ: काही नवे लॅपटॉप एस मोडमध्ये येतात आणि स्टोअरबाहेरचं काहीच चालू देत नाहीत. एस मोडमधून फुकट बाहेर पडता येतं, पण परत आत जाता येत नाही. पत्त्यांसाठी एवढं पाऊल उचलायचं का, हे ज्याने त्याने घरी विचारून ठरवावं.

खेळ उघडला. पानं ७१ गुणिले ९६ पिक्सेलची, म्हणजे आजच्या पडद्यावर टिकलीएवढी. फाइलवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, कम्पॅटिबिलिटी, चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज. तिथली खालची चौकट टिक करून ॲप्लिकेशन निवडलं तर पानं स्पष्ट पण बारीक दिसतात, सिस्टम निवडलं तर मोठी पण धुरकट. चाळिशी लागलेल्यांनी धुरकट घ्यावं, नाहीतर किलवर आणि इस्पिक यांतला फरक अंदाजाने करावा लागतो. मदतीसाठी एफ वन दाबू नये. मदतीची फाइल वेगळी असते आणि ती आपण बरोबर आणलेली नसते.

गुणांमध्ये वेगास निवडलंत तर डाव पडताच ५२ डॉलर कर्ज अंगावर येतं आणि वर लावलेल्या प्रत्येक पानामागे पाच फिटतात. म्हणजे अकरावं पान लागलं की तीन डॉलर नफा. तीन-तीन पानं उघडत असाल तर गड्डी तीनदाच फिरते, एकेक उघडत असाल तर एकदाच. अगदीच बुडायला लागलं तर ऑल्ट, शिफ्ट आणि २ एकदम दाबावं; डाव जिंकल्यासारखी पानं उड्या मारत खाली कोसळतात. ही लबाडी आहे, पण समोर कोणी बसलेलं नसतं.

हार्ट्स हा चौघांचा खेळ सॉलिटेअर कलेक्शनच्या पाचांत नाही. त्याचीही जुनी फाइल हवी आणि तिलाही तीच डीएलएल. बदामाच्या प्रत्येक पानाचा एक गुण, इस्पिकच्या राणीचे तेरा, आणि गुण मिळवायचे नाहीत तर टाळायचे. समोर पॉलिन, मिशेल आणि बेन हे तिघे. कॉम्प्युटर असल्यामुळे ते खाणाखुणा करत नाहीत, त्यामुळे मेंढीकोटात वाढलेल्या माणसाला सुरुवातीला फार एकटं वाटतं.

फ्रीसेलवाल्यांना एक इशारा. एक्सपीच्या आधीच्या खेळात १ ते ३२,००० असे क्रमांकाचे डाव होते. इंटरनेटवरच्या हौशी मंडळींनी ते सगळे वाटून घेऊन सोडवले. एकच सुटला नाही, ११९८२. पुतण्याने मुद्दाम हा आकडा सुचवला तर त्याला तुमच्या दुपारचं काहीतरी करायचं आहे असं समजावं.

सीडीही नको आणि नातेवाईकही नको, अशांसाठी पायसोल एफसी नावाचा फुकटचा प्रोग्रॅम आहे. त्यात हजाराहून जास्त खेळ आहेत, जाहिरात एकही नाही. तो दिसायला सरकारी फॉर्मसारखा आहे, पण पानं स्वच्छ पडतात. लिनक्सवर आयलरियट किंवा के-पेशन्स घ्यावं.

आणि ऑफिसच्या कॉम्प्युटरवर काहीच बसवायची परवानगी नसेल तर गूगलच्या चौकटीत सॉलिटेअर एवढंच लिहावं. निकालांच्या वर खेळच येतो. ईझी म्हणजे एकेक पान, हार्ड म्हणजे तीन-तीन. ब्राउझरच्या हिस्टरीत नोंद राहते; शुक्रवारी संध्याकाळी ती पुसायची आठवण ठेवावी, आणि आयटीवाल्याला पानं लावायला जमतात का हेही एकदा विचारून घ्यावं.